हयातीचा दाखला, पुन्हा एकदा

नोव्हेंबरात माझ्या पिशवीत टपालापेक्षा अंगठ्याचं यंत्र महत्त्वाचं. पेन्शनरांच्या घरी जाऊन हयातीचा दाखला काढायचा आणि पुढचं दार गाठायचं.

वडोदऱ्यात वासणा रोडवरच्या एका सोसायटीतल्या आजी फॅमिली पेन्शनवाल्या. यजमान रेल्वेत होते. दांडिया बाजारातलं घर विकलं, मुलगा परदेशी, आजी सातव्या मजल्यावर. शेजारच्यांना त्यांचं आडनावही माहीत नव्हतं.

वयानं बोटांच्या रेघा झिजतात, यंत्र ओळखत नाही. मग बोट ओल्या फडक्यानं पुसायचं, कोरडं करायचं, कपाळावर घासायचं म्हणजे जरा तेलकट होतं, आणि पुन्हा ठेवायचं. अंगठा नाही तर मधलं बोट. हे कुणी ट्रेनिंगमध्ये शिकवत नाही. तरीही जमलं नाही तर 2021 पासून चेहऱ्याची सोय आहे: खिडकीशी उजेडात बसवून डोळे मिचकवायला सांगायचं. फॉर्ममधला पुनर्विवाहाचा प्रश्न मात्र विचारावाच लागतो. 82 वर्षांच्या बाईला तो विचारताना मला दरवेळी शरम वाटते. आजी शांतपणे "नाही हो" म्हणाल्या.

दाखला निघाला, प्रमाण आयडीचा, म्हणजे दाखल्याच्या नंबराचा, मेसेज आला. आठवड्यानं त्यांचा फोन: "भाऊ, बँकेत पोचला नाही म्हणतात." जाऊन पोर्टलवर दाखवलं, दाखला मंजूर होता. काही दिवसांनी पुन्हा तोच फोन. गेलो तर टेबलावर दोन कप आणि चिवडा मांडलेला.

"आजी, बँकेतून कुणी फोन केला होता?"

"नाही." मग म्हणाल्या, "पूर्वी मी स्वतः जायचे. रांगेत आमच्या सगळ्याजणी भेटायच्या. कोण आली नाही, त्यावरून कळायचं कोण गेली."

पोस्टातले साहेब म्हणाले, आजींचा फोन उचलू नकोस. साहेबांना दिवसाचे दाखले मोजायचे असतात. मला ते पटत नाही. अंथरुणाला खिळलेल्यांना खुर्चीवर उचलून बँकेत आणलेलं मी पाहिलंय. त्यांच्यासाठी घरपोच सेवा हवीच. पण ज्यांचे पाय चालतात त्यांची रांगही आपण काढून घेतली, आणि बदल्यात मी दहा मिनिटं बसतो.

ऐंशीच्या वरच्यांचे दाखले 1 ऑक्टोबरपासूनच घेतात. यंदा दांडिया बाजारच्या जुन्या लोकांना एकाच सकाळी एका हॉलमध्ये बोलवायचं मी मनावर घेतलंय. दोन मंडळांशी बोललो, हॉल मिळेल. वासणा, गोत्री, मांजलपूरला पांगलेल्या म्हाताऱ्यांना आणायला रिक्षा कोण देईल, ते विचारतो आहे.