जॉर्जकुट्टी गोव्यात आला तेव्हा

मल्याळम ‘मास’ पिक्चरमध्ये, म्हणजे शिट्ट्या-टाळ्यांच्या मारधाडपटात, नायक लगेच दिसत नाही. आधी चार जणांच्या तोंडून त्याचा दरारा ऐकवायचा, मग पाय, मग पाठ, शेवटी चेहरा. मारामारीआधी मुंडू (केरळी लुंगी) दुमडून कमरेला खोचायचं. १९९५ च्या ‘स्फटिकम’मध्ये मोहनलाल तर मुंडू सोडून समोरच्याच्या डोक्यावर टाकतो आणि मग बदडतो. ‘नरसिंहम’मध्ये (२०००) थेट नदीतून वर येतो. शिट्ट्या अशा जागी पडतात.

२०१३ मध्ये जीतू जोसेफने ‘दृश्यम’साठी हाच मोहनलाल घेतला आणि त्याला हवालदाराकडून मार खायला लावला. प्रेक्षक त्याच्या हाताकडे बघत बसतो, हात काही उठत नाही. घरात घडलेला खून लपवायला हा केबलवाला जॉर्जकुट्टी पुढे करतो ती बिलं आणि तिकिटं: त्या दिवशी आम्ही गावात नव्हतोच. इतकी वर्षं मुठी आवळलेला नट नसता, तर हा मार इतका लागला नसता.

युक्ती साधी आहे. गुन्हा २ तारखेचा. ३ तारखेला घरच्यांना घेऊन परगावी जायचं: बस, लॉज, हॉटेल, सिनेमा. काही दिवसांनी पुन्हा तिथे जाऊन कंडक्टर, हॉटेलवाला, सिनेमाचा ऑपरेटर यांच्याशी बोलता बोलता ‘२ तारीख’ पेरायची. माणसाला चेहरे आणि प्रसंग आठवतात, तारीख नाही. ती दुसऱ्याने दिली की आपलीच वाटते. फसण्याची जागाही इथेच आहे. सगळे साक्षीदार ठाम बोलू लागले की हुशार पोलिसाला संशय येतो.

तमिळ, तेलुगू, कन्नड, अगदी चिनीतही हे कथानक गेलं. हिंदीत (२०१५) ‘डोंबिवली फास्ट’वाल्या निशिकांत कामतने ते गोव्यात आणलं: काल्पनिक पोंडोलेम गाव, नायकाला विजय साळगावकर हे अस्सल गोंयकार नाव, गुन्ह्याचा महिना ऑगस्टचा झाला ऑक्टोबर, आणि परगावी जाण्याची सबब म्हणून ख्रिस्ती ध्यानशिबिराच्या जागी पणजीतला सत्संग. (खरं तर गोव्यात ध्यानशिबिर तसंच ठेवलं असतं तरी चाललं असतं.)

अडचण आहे ती अंतराची. केरळातल्या इडुक्कीच्या घाटातून उतरून गेलेलं कुटुंब रात्री लॉजवर राहिलं तर कुणी भुवई उंचावत नाही. गोव्यात मात्र अगदी दक्षिण टोकाच्या काणकोणहूनही पणजी जेमतेम सत्तर किलोमीटर. माणूस शेवटची कदंब बस पकडून घरी येतो. म्हणून इथे दोन दिवसांचा सत्संग नुसती सबब उरत नाही, मुक्कामाचं सगळं ओझं त्याच्यावर येतं. घरात सगळे हिंदी बोलतात, हे खटकतं ते वेगळंच.

मारहाणीचा प्रसंग मात्र हिंदीत कमलेश सावंतच्या पोलीस गायतोंडेने राखला. मूळ हवालदार कलाभवन शाजोन हा मिमिक्रीतला, लोकांना हसवणारा नट, त्यामुळे तिकडे त्याची क्रूरता अनपेक्षित येते. सावंत पहिल्यापासूनच धाक वाटावा असा. दोन्ही पाहायचे असतील तर मल्याळम आधी पाहा, सबटायटल लावून, आणि सुरुवातीचा संथ तास पळवू नका: कंजूष, सिनेमावेडा जॉर्जकुट्टी तिथेच उभा राहतो.