आमची वाटचाल : आंजर्ल्याच्या खाडीकाठचा होड्यांचा कारखाना

हर्णै बंदरात मासळीच्या लिलावाच्या वेळी कधी गेलात, तर किनाऱ्याला लागलेल्या लहान फायबरच्या होड्या जवळून बघा. त्यांतल्या काहींवर नाळेपासून, म्हणजे पुढच्या टोकापासून, हातभर मागे, उजव्या अंगाला, पाण्याच्या रेषेच्या जरा वर हात फिरवलात तर चौकोनी तुकड्याची कड बोटाला लागते. रंगाचे थर चढले तरी ती पुरती बुजत नाही. फायबरच्या होडीला थिगळ कशाला लागेल? ते थिगळ आमच्या लाकडी होडीचं आहे. माझ्या धाकट्या भावाने ते स्वतःच्या हाताने बसवलं होतं. कारखान्याची वाटचाल लिहा म्हणून पुतणी मागे लागली, तेव्हाच तिला सांगितलं, ही गोष्ट पहिली येईल.

आप्पांनी, म्हणजे आमच्या वडिलांनी, खाडीकाठी काम सुरू केलं ते सागरी मासेमारी नियमन कायदा येण्याच्या, म्हणजे १९८१ च्या, बरंच आधी. हर्णै बंदर उघडं. वारा फिरला की होड्या तिथे थांबत नाहीत, जोग नदीच्या खाडीत आत येतात. आल्या की कुणाचा खिळा सैल, कुणाची फळी फुटलेली. आप्पांनी झापांचा मांडव घातला आणि बसले. दुरुस्ती करता करता लोकच म्हणाले, आता नवी बांधा.

नकाशा, आराखडा असलं काही नव्हतं. लांबी हातात, जाडी सुतात, बाकी सगळं नजरेत. फळीला साग, पठाणाला, म्हणजे तळाच्या कण्याला, अखंड सरळ सोट, आणि वांकांसाठी, म्हणजे आतल्या फासळ्यांसाठी, बाभळीचं नाहीतर ऐनाचं मूळचंच वाकडं लाकूड. सरळ लाकूड कापून केलेला वांक धाग्याच्या आडव्या छेदावर मोडतो, हे आप्पा प्रत्येक नव्या पोराला पहिल्याच दिवशी सांगायचे. कुणाच्या बांधावर वाकडी बाभूळ दिसली की ते तिच्याभोवती दोन फेऱ्या घालत आणि हा वांक कुठल्या जागी बसेल ते तिथेच ठरवत.

त्यांचा वाकस, म्हणजे लाकूड तासायचं हत्यार, अजून माझ्याकडे आहे. घासून घासून पातं निम्म्यावर आलंय, पण मी तो कुणाला देत नाही. आजकाल पोरं ग्राइंडर मारतात. ग्राइंडर लवकर काम करतो, पण लाकडाचा धागा कुठे वळला ते हाताला सांगत नाही. वाकसाचा छिलका पातळ आणि सलग निघत असला तर धागा सोबत आहे, तुटक निघाला तर बाजू बदलायची. कलफतीचंही, म्हणजे फळ्यांचे सांधे सुताने बुजवण्याचंही, तेच. सांध्यात सूत ठोकताना मोगरीचा आवाज ऐकायचा. सुरुवातीला बद्द येतो, सांधा भरत आला की टणक होतो, तिथे थांबायचं. त्यापुढे ठोकलं की फळी वांकापासून सुटायला लागते. नव्या सुताराने एक पावसाळा नुसता कलफतीवर काढावा असं मला वाटतं. हल्ली कुणी काढत नाही.

आमचं पहिलं मोठं गिऱ्हाईक म्हणजे दालदी, म्हणजे मुसलमान मच्छीमारांच्या, मोहल्ल्यातले चाचा. त्यांची होडी आप्पांनी बांधली, त्यानंतरची आम्ही दोघा भावांनी. पठाण घातलं त्या दिवशी आप्पांनी नारळ वाढवला, चाचांनी दुआ मागितली, आणि मग दोघांनी एकाच ताटलीतलं खोबरं खाल्लं. होडी पाण्यात घातल्यावर चाचा तिच्यात एकटेच बसून खाडीच्या तोंडापर्यंत जाऊन येत आणि काही न बोलता उरलेले पैसे आप्पांच्या हातात ठेवत. तक्रार असती तर आधी बोलले असते.

भावाचा हात माझ्यापेक्षा चांगला होता. आप्पांच्या होडीची नाळ जरा बोथट असायची, लाट फोडताना पाणी आत उडायचं. त्याने ती निमुळती केली आणि वरच्या फळ्या बाहेर उघडत नेल्या. पाणी बाजूला पडायला लागलं. तशी पहिली होडी बांधून झाल्यावर पुढच्या एका फळीला गाठ निघाली, तेव्हा तेवढा भाग काढून त्याने तिथे चौकोनी तुकडा बसवला. तेच ते थिगळ. सांधा इतका घट्ट, की नख जायचं नाही.

पण नव्या होड्या रोज थोड्याच लागतात. हंगामात काम कमी असलं की तो दुसऱ्याच्या बोटीवर तांडेल, म्हणजे बोटीचा म्होरक्या, म्हणून जायचा. २००९ च्या नोव्हेंबरात तसाच गेला. फयान वादळ लक्षद्वीपकडून किनाऱ्याला समांतर वर सरकत आलं आणि ११ नोव्हेंबरला अलिबाग ते मुंबईच्या दरम्यान जमिनीवर चढलं. वर जाता जाता आमचा समुद्र त्याने ढवळून काढला. दिवाळी होऊन गेलेली, बांगडा लागत होता, बोटी लांब होत्या. लहान बोटींवर वायरलेस नव्हता. आत निरोप पोचवायचा तरी कसा? काही बोटी आमच्या खाडीत शिरल्या, काही जयगडला लागल्या. तो होता ती बोट कुठेच लागली नाही.

देह मिळाला नाही, म्हणून दाखलाही मिळाला नाही. सात वर्षं माणसाची काही खबर नसेल तरच कायदा तो गेला असं धरतो. कचेरीत मदतीचा कागद मागायला गेलो की समोरचा म्हणे, बेपत्ता आहे ना, मग थांबा. वहिनीने मंगळसूत्र ठेवायचं की काढायचं, हेसुद्धा लोक कागद बघून बोलायला लागले. तिने ठेवलं. अजून आहे. यावर कुणी बोललेलं मला चालत नाही.

आणि फयाननंतरच्या पावसाळ्याआधी भावाच्या होडीचा साचा काढला गेला.

कारखाना बंद होता. आप्पा ओट्यावर बसून असायचे, मला हत्यार धरवत नव्हतं. भावाने बांधलेली ती होडी एका गिऱ्हाइकाची होती, त्याने ती रंगवायला म्हणून पलीकडच्या काठाला नेली. तिथे एकाने नुकताच फायबरचा कारखाना टाकला होता. पूर्वी आम्ही खिळे आणि रंग त्याच्याकडूनच घ्यायचो. होडी फुकट रंगवून देतो म्हणून त्याने ती ठेवून घेतली, उलटी केली, सांध्यांत लांबी (पुट्टी) भरून घासली, मेण लावलं, वर जेलकोट, म्हणजे रेझिनचा गुळगुळीत पहिला थर, मारला आणि काचेच्या मॅटचे रेझिनमध्ये भिजवलेले थर चढवले. वाळल्यावर साचा सुटला. त्या साच्यातून मग होड्याच होड्या. साचा जसाच्या तसा आकार उचलतो, तसे दोषही उचलतो. बाकी सगळं घासलं, थिगळाची कड मात्र राहिली.

होडी परत आली तेव्हा सांध्यांत मेण होतं. ते बघून मी पलीकडे गेलो. तो म्हणाला, पाण्यावरच्या आकाराला मालक नसतो. दापोलीतल्या वकिलांनीही मान हलवली. डिझाइन कायदा २००० चा आहे, पण जो आकार आधीच लोकांसमोर वापरात आहे त्याची नोंदणी होत नाही. आप्पांनी आणि भावाने तो आकार सगळ्या किनाऱ्याला उघडपणे दिला, म्हणून तो आमचा राहिला नाही. कायदा मी मान्य करतो. पण सुतकातल्या घराच्या पाठीमागे जाऊन हे करायचं का, याचं उत्तर कायद्यात नाही, आणि त्यानेही आजवर दिलेलं नाही.

पुढची दोन-तीन वर्षं वाईट होती. फायबर स्वस्त, हलकं, दर पावसाळ्यात कलफत नको. त्याचा माणूस लिलावात उभा राहून सांगायचा, लाकडाच्या होड्या फयानमध्ये फुटल्या. भाऊ होता ती बोट आमच्याकडची नव्हती, हे कुणाकुणाला सांगत बसायचं? सुतार पलीकडे गेले. सागाचे ओंडके अंगणात पडून तडकले, त्यावरचं कर्ज चालूच. माडांची अर्धी वाडी विकली. कारखान्याला कुलूप लावून मुंबईला भाच्याकडे जायचं ठरलं होतं, मापं आणि हत्यारं पोत्यात भरून ठेवली होती.

तेव्हा चाचा आले. माझ्या वहिनीकडून पाणी मागून घेतलं, प्यायले, आणि म्हणाले, "माझी होडी आता जुनी झाली. नवी घालायची. लाकडाची. घाई नाय." पुढ्यात पुडकं ठेवलं. त्यांची होडी काही जुनी झाली नव्हती, तिची कलफत मीच केलेली. लिलावातही ते त्या माणसासमोर मोठ्याने बोलले, की फयानच्या दिवशी मला खाडीत आणलं ते याच्या आप्पाच्या पठाणाने. मग आणखी दोघं आले. पोती सोडली.

त्यानंतरची वर्षं बरी गेली, त्यात सांगण्यासारखं फारसं नाही. ३ जून २०२० ला निसर्ग वादळाने मांडवावरचे पत्रे नेले आणि गावातल्या नारळी-पोफळी आडव्या केल्या. पडलेली फणसं आणि बाभळी लोक सरपणाला तोडत होते, त्यांतले वाकडे ओंडके आम्ही मागून आणले. त्यांचे वांक अजून पुरतायत.

आता पुतणी कारखाना बघते. भावाची मुलगी. ती फायबरचं काम शिकून आली तेव्हा मी आठवडाभर तिच्याशी बोललो नाही. "काका, आपल्या आकाराचा साचा आपल्याकडे नको का?" असं तिने विचारलं आणि मी गप्प झालो. तिच्या बापाच्या होडीवरून तिने साचा काढला, थिगळासकट. आज आम्ही लाकडी होड्या, फायबरच्या होड्या आणि लाकडावर फायबरचं अस्तर, तिन्ही करतो.

अस्तराबद्दल एवढं सांगतो, कारण लोक पैसे वाया घालवतात. होडी ओढली आणि आठ दिवसांत अस्तर चढवलं, असं करू नका. लाकडात मुरलेलं पाणी आतच कोंडतं, वरून होडी चकाचक आणि आतून वांक कुजतो. लाकडावर ठोकून खणखणीत आवाज येईपर्यंत वाळू द्या. १ जून ते ३१ जुलै मासेमारीला बंदी असते, पण त्या दिवसांत हवाच ओली, तेव्हा अस्तर करायचं असेल तर होडी उन्हाळ्यातच वर घ्या आणि हंगामाचा शेवट सोडा. तेवढा तोटा परवडतो.

पलीकडच्या कारखान्याशी आमचं भांडण चालू नाही. त्याचे पैसे नकोत. गिऱ्हाइकाने विचारलं, की हा आकार कुणाचा, तर त्याने खरं नाव घ्यावं. ते नाव त्याला ठाऊक आहे.

चाचा मागच्या वर्षी गेले. त्यांच्या मुलाला होडी वैशाखी पौर्णिमेच्या उधाणाला वर घ्यायची आहे आणि ती जागा त्याला दिलेली आहे. एका भरतीला आमच्या उतारावर दोनच होड्या चढतात, म्हणजे एक जागा शिल्लक आहे. ज्यांना ती हवी त्यांनी शिमग्याच्या आत पुतणीला सांगून ठेवावं.