आमची वाटचाल : कॅमेऱ्यामागून दिग्दर्शनाकडे

कोल्हापूरला सिनेमाचं वेड जुनंच. बाबूराव पेंटरांनी इथेच देशी कॅमेरा घडवला. ‘प्रभात’ही १९२९ मध्ये इथेच सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली. आमची संस्था लहान, जाहिरातपट करणारी; पण काम करायचं ते या गावात राहूनच, हे पहिल्यापासून पक्कं होतं.

मी शिकलो मुंबईत, कॅमेरा असिस्टंट म्हणून. तेव्हा फिल्मवर काम चालायचं. ३५ एमएमचा ४०० फुटांचा रोल साडेचार मिनिटांच्या आतच संपायचा, त्यामुळे कॅमेरा सुरू होण्याआधी सगळं ठरलेलं असायचं. प्रकाश मोजायचा मीटर कुठे धरायचा, उजेड परतवणारा थर्माकोल किती जवळ आणायचा, फोकससाठी अंतर मोजायची टेप कुठून लावायची, हे त्या शिस्तीतच अंगवळणी पडलं. पुढे स्वतंत्रपणे छायाचित्रण करू लागलो आणि गावी परतलो. २०१० मध्ये अ‍ॅरीचा अलेक्सा हा डिजिटल कॅमेरा आला, काही वर्षांतच फिल्म मागे पडली. फिल्म धुणाऱ्या लॅबसाठी मुंबई गाठायची गरज उरली नाही आणि संस्था काढायचं धाडस झालं.

दिग्दर्शनाकडे वळलो ते गुळाच्या एका जाहिरातीमुळे. मी तिथे फक्त कॅमेरा करायला गेलो होतो. गुऱ्हाळात काहिलीत रस उकळत होता. वाफेला मागून प्रकाश मिळाला की ती पडद्यावर खुलते, म्हणून लाइट काहिलीच्या पलीकडे उंचावर लावला. फ्रेम देखणी दिसत होती, पण माझं लक्ष सारखं गुळव्याकडे जात होतं. तो थोडा पाक गार पाण्यात टाकायचा, बोटांनी त्याची गोळी वळून बघायचा आणि पुन्हा काहिलीकडे वळायचा. एकदा गोळी त्याच्या मनासारखी वळली. त्यानं नुसता आवाज दिला, माणसं धावली, काहील उतरली, पाक गार करायच्या वाफ्यात गेला. एवढ्या मोठ्या काहिलीचा निर्णय त्या दोन बोटांवर होता, आणि स्टोरीबोर्डमध्ये, म्हणजे जाहिरातीच्या आधी काढलेल्या चित्रांमध्ये, तो माणूसच नव्हता! मी मालकांना म्हटलं, जाहिरात या हातांवर उभी करू. ते म्हणाले, “मग दिग्दर्शनही तुम्हीच करा.”

गोविंद निहलानी हे आमचं दैवत. श्याम बेनेगलांच्या चित्रपटांचं छायाचित्रण केलं, मग १९८० मध्ये ‘आक्रोश’ दिग्दर्शित केला आणि त्याचा कॅमेराही स्वतःच सांभाळला. अलीकडे ‘सैराट’चे छायालेखक सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी ‘नाळ’ दिग्दर्शित केला. आमच्याकडे मात्र एक नियम आहे: मी दिग्दर्शक असेन त्या दिवशी कॅमेरा दुसऱ्याच्या हाती. नट बोलत असताना माझं लक्ष सावलीच्या कडेवर गेलेलं मला चालत नाही.

पैशांचं गणित अवघड आहे. कॅमेऱ्याचं भाडं, लाइट बॉईज, जेवणखाण रोखीनं द्यावं लागतं. आपलं बिल मात्र महिनोन्‌महिने पडून राहतं. लघुउद्योगांना ४५ दिवसांत पैसे द्यावेत असा कायदा आहे. आम्ही लघुउद्योगांसाठीची सरकारी ‘उद्यम’ नोंदणी केली आणि आता प्रत्येक करारात ती अट लिहून घेतो. अर्धी रक्कम आगाऊ आल्याशिवाय शूटिंगची तारीख देत नाही. यामुळे काही कामं गेली, पण आमच्या माणसांचे पगार वेळेवर होतात, आणि ते मला जास्त मोलाचं वाटतं.

सध्या आमचा पहिला चित्रपट संकलनात आहे. तो पुरा झाल्यावरही जाहिराती सोडणार नाही. घर त्यांच्यावर चालतं हे खरंच, शिवाय टीव्हीच्या ३० सेकंदांत ७५० फ्रेम्स असतात आणि त्यातली एकही वाया घालवायची नाही, ही सवय आम्हाला चित्रपटाच्या संकलनातही रोज उपयोगी पडते आहे.