बेचाळीस रात्री एका बैठकीत

संपादकांनी या अंकासाठी मनोगत मागितलं आहे. पण यंदाच्या स्नेहसंमेलनातही कुणीतरी एखादा धडा ‘नाटकात बसवणार’ असेलच, तेव्हा अशांच्या उपयोगाचं काही लिहिलेलं बरं.

मराठीच्या तासाला आपण सारांशलेखन शिकलो: उताऱ्यातलं सगळं ठेवायचं, फक्त थोडक्यात. कथा-कादंबरीचं नाटक किंवा चित्रपट करताना ही सवय आधी मोडावी लागते. इथे बरंचसं टाकायचं आणि उरलेलं पुरतं घडू द्यायचं. साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’त ४२ रात्री, म्हणजे ४२ प्रकरणं, आहेत. अडीच तासांत सगळ्या कोंबल्या तर एकीच्या वाट्याला साडेतीन मिनिटं. तेवढ्यात आई रागावेल, समजावेलही. श्यामला लाज वाटायला वेळ कुठून आणणार? अत्र्यांचा १९५३ चा चित्रपट, राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळवणारा, पुस्तकाशेजारी ठेवून पाहा. काय घेतलं याच्याइतकंच काय सोडलं ते टिपा.

पुस्तक आधी नुसतं वाचावं. दुसऱ्या वाचनाला वही घ्यावी आणि प्रत्येक घटनेपुढे लिहावं: कोण, कुठे, दिवस की रात्र, आणि या घटनेनंतर काय बदललं. शेवटचा रकाना रिकामा राहिला की ती घटना, कितीही सुंदर असो, बाजूला. पटकथेचं एक पान म्हणजे साधारण एक मिनिट. त्यामुळे दोन तासांच्या चित्रपटासाठी ३०० पानांच्या कादंबरीतून १२० पानं उरतात.

सूत्र कुणाच्या हाती द्यायचं, हा खरा प्रश्न. ‘सिंहासन’ (१९७९) हा चित्रपट अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवरून झाला. विजय तेंडुलकरांच्या पटकथेत दिगू टिपणीस हा पत्रकार सगळीकडे फिरतो, कारण मंत्र्याच्या दालनापासून कुठेही जायला पत्रकाराला निमित्त शोधावं लागत नाही.

सगळ्यात जास्त घोटाळा ‘तिला वाटलं’ या शब्दांपाशी होतो. नवखा लेखक तिथे निवेदन घालतो आणि दिसतं तेच पुन्हा ऐकू येतं. समजा, कादंबरीत ‘तिचा पाय घरातून निघेना’ असं आहे. पडद्यावर ती कुलूप लावून दोन पायऱ्या उतरते, परत येऊन कुलूप ओढून बघते; पुरे. नाटकात हे पंधराव्या रांगेला दिसत नाही. तिथे शेजारीण हवी: “वहिनी, किल्ली देताय ना?” आणि वहिनीने भलतंच काहीतरी बोलत राहायचं. स्वगतही चालतं, पण ते पेलणारा नट असेल तरच.

नाटकाचे हिशेब वेगळे. तीस पात्रांची आठ-नऊ करावी लागतात, कारण प्रत्येकाची नाईट, म्हणजे दर प्रयोगाचं मानधन, द्यायची असते आणि दौऱ्याच्या बसमध्ये नेपथ्यही मावायचं असतं. एका प्रवेशात तरुण असलेली नटी पुढच्यात म्हातारी होणार असेल, तर मध्ये तिच्याविना दोन-तीन पानांचा प्रवेश लिहावाच लागतो. नाहीतर प्रेक्षक अंधारात खोकत बसतात. चित्रपटात ही अडचण नाही, पण स्टेशनवरची चार वाक्यं अख्ख्या युनिटचा अर्धा दिवस खातात. तीच वाक्यं टांग्यात चालतील का, हे लिहितानाच विचारावं.

कादंबरीतले संवाद डोळ्यांसाठी लिहिलेले असतात. मोठ्याने म्हणून बघा. श्वास तुटला तिथे वाक्य तोडा, बोलीला मात्र हात लावू नका.

हक्कांचं काम शेवटी ठेवू नये. लेखकाच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं हक्क वारसांकडे असतात. परवानगी तोंडी नको. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार हस्तांतराच्या करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, आणि वेगळं काही नमूद नसेल तर वर्षभरात हक्क न वापरल्यास ते परत जातात. चित्रपटाचा निर्माता मिळायलाच वर्ष जातं, म्हणून ही दोन कलमं स्वतः वाचून सही करावी. नाटकाचे आणि चित्रपटाचे हक्क वेगवेगळे लिहून घ्यावेत. नाटकाची संहिता प्रयोगाआधी परिनिरीक्षण मंडळाकडेही, म्हणजे ती तपासून परवानगी देणाऱ्या सरकारी मंडळाकडे, जाते. तारीख ठरवताना तेवढे दिवस धरा.