संत्र्याच्या यादीत मोसंबी

मार्च महिना, मृग बहाराची ऐन गर्दी. पहाटे साडेपाचला नागपूरच्या कळमना बाजारातल्या एका अडतीवरून मुनीमजींचा फोन आला. "ताई, पावती काहून निघून नाही राहिली? गाडी भरून उभी आहे." त्या अडतीचं सॉफ्टवेअर मी लिहिलेलं. धरमपेठेतून स्कूटर काढली आणि सहाच्या आत बाजारात पोचले. स्क्रीनवर एकच ओळ होती: अ‍ॅरेस्टोअरएक्सेप्शन.

झालं होतं असं. वजनकाट्यावरची नोंद रिकाम्या जागेत भरणारं एक फंक्शन, म्हणजे प्रोग्रॅमचा छोटा तुकडा, मी जावा या प्रोग्रॅमिंग भाषेत लिहिलं होतं. अ‍ॅरे म्हणजे एकाच प्रकारच्या वस्तूंसाठी खणांची ओळ. त्या फंक्शनला फळांचा अ‍ॅरे लागायचा आणि मी संत्र्यांचा दिला होता. संत्रा हे फळच, म्हणून जावा संत्र्यांच्या अ‍ॅरेलाही फळांचा अ‍ॅरे मानते. कंपायलरनं, म्हणजे कोड चालायच्या आधी तो तपासणाऱ्या प्रोग्रॅमनं, हूं की चूं केलं नाही. त्या दिवशी एका शेतकऱ्यानं संत्र्यासोबत चार क्रेट मोसंबी आणली. फंक्शन ती संत्र्यांच्या अ‍ॅरेत ठेवायला गेलं आणि प्रोग्रॅम तिथंच थांबला.

चूक माझी होती, पण भाषेनं ती मला आदल्या दिवशीच सांगायला हवी होती, असं मला आजही वाटतं. १९९६ साली जावा आली तेव्हा तिच्यात जेनेरिक्स, म्हणजे कुठल्याही प्रकारासाठी कोड एकदाच लिहायची सोय, नव्हते. कुठल्याही वस्तूंचा अ‍ॅरे एकाच फंक्शननं हाताळता यावा म्हणून ही सूट ठेवली गेली. वाचण्यापुरती ती ठीक आहे. लिहायला गेलं की घात होतो.

एकच नाव अनेक प्रकारच्या डेटावर चालतं त्याला, म्हणजे पॉलिमॉर्फिझमला, आपण बहुरूपता म्हणतो, आणि डोळ्यांपुढे दारात येणारा बहुरूपी उभा राहतो. माणूस एक, सोंगं अनेक. ब्रिटिश संगणकशास्त्रज्ञ क्रिस्टोफर स्ट्रेचीनं १९६७ मध्ये कोपनहेगनच्या व्याख्यानांत यातले दोन भेद वेगळे काढले. एकात नाव तेच, पण डेटाचा प्रकार बदलला की काम बदलतं: बेरजेचं चिन्ह पूर्णांकांना वेगळं, अपूर्णांकांना वेगळं. दुसऱ्यात प्रकार कुठलाही असो, काम तेच राहतं. या दुसऱ्याला बहुरूपी म्हणायला माझी जीभ वळत नाही. मला तो कळमन्याचा हमाल वाटतो.

त्या सकाळी गाडी अडलेली, म्हणून मी बराच वेळ हमालांकडे बघत बसले होते. बांधलेली क्रेट खांद्यावर घ्यायची, थप्पीला लावायची. आत काय आहे ते तो बघत नाही. तो क्रम बदलू शकतो, एखादी क्रेट मागे ठेवू शकतो, पण नवं संत्रं पैदा करू शकत नाही. हास्केल या दुसऱ्या प्रोग्रॅमिंग भाषेत 'कुठल्याही अ ची यादी घ्या, अ ची यादी द्या' एवढा प्रकार लिहिलेलं फंक्शन असंच बांधलेलं असतं. आतला कोड न वाचता मला कळतं की परत येणारं प्रत्येक फळ मूळ यादीतलंच आहे. संगणकशास्त्रज्ञ फिलिप वॉडलरनं १९८९ च्या निबंधात नेमकं हेच मांडलं: नुसत्या प्रकारावरून प्रमेयं फुकट मिळतात. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी रात्री दोनपर्यंत कागदावर उदाहरणं सोडवत होते.

जावाला २००४ मध्ये जेनेरिक्स मिळाले, आणि ज्या कामावर ते उभे राहिले त्यात हेच वॉडलर आणि मार्टिन ओडर्स्की होते. तेव्हापासून, अ‍ॅरेच्या उलट, संत्र्यांची यादी ही फळांची यादी मानली जात नाही. 'फळाचा कुठलातरी उपप्रकार' असं लिहिलं तर यादीतून काढता येतं, तिच्यात घालता येत नाही. इन्स्टन्सऑफ, म्हणजे 'ही वस्तू कुठल्या प्रकारची?' असं विचारणारा शब्द, लिहून क्रेटमध्ये डोकावायची मुभा मात्र जावात राहिलीच, त्यामुळे हास्केलइतकी खात्री तिथं मिळत नाही.

त्या दिवशी मी मोसंबीची वेगळी पावती हातानं करून दिली आणि साडेसातला गाडी सुटली. बहार संपल्यावर सगळे अ‍ॅरे काढून याद्या घातल्या. कंपायलर तीन ठिकाणी अडला. दोन मला ठाऊक होती. तिसरं होतं लिंबाच्या परतीच्या नोंदीत, आणि तिथून अजून एकही फोन आलेला नव्हता.