खालचा आवाज

रविवार, रात्रीचे साडेदहा

दुपारी माळ्यावरून पेटी काढली. दोन वर्षं उघडली नव्हती. भात्याला बारीक भोक पडलंय, पंचम दाबला की शेजारची पट्टीही कुरकुरते. निमित्त असं की, सकाळी कोथिंबीर निवडताना मोबाईलवर 'भारत एक खोज' या दूरदर्शन मालिकेचं शीर्षकगीत लागलं आणि जुडी हातात तशीच राहिली. १९८८ साली मी पाचवीत होतो. ते ऋग्वेदातलं नासदीय सूक्त वगैरे काही ठाऊक नव्हतं. ते सुरू झालं की आजोबा बोलायचे थांबत, एवढंच आठवतं.

वाटलं, सोपी चाल आहे, बसेल हाताखाली. बसलीही दहा मिनिटांत. पण वाजत होती ती शाळेतली प्रार्थना! हेडफोन लावून पुन्हा ऐकलं तेव्हा उलगडलं, वरच्या आवाजाखाली दुसरे आवाज आपापल्या वाटेने चाललेत आणि सगळा दबदबा त्यांचा आहे. एका हाताने भाता मारणाऱ्याने ते कुठून आणायचं?

संगीत वनराज भाटियांचं. मुंबईचा माणूस. लहानपणी देवधर मास्तरांच्या गायनशाळेत शिकला, त्याच शाळेत कुमार गंधर्वही घडले. मग पियानो, लंडनची रॉयल अकॅडमी, पॅरिसमध्ये संगीतशिक्षिका नादिया बुलांजे यांच्या हाताखाली तालीम. १९५९ला परत आला तो सिंफनी लिहिण्याची विद्या घेऊन, आणि इथे पहिलं काम मिळालं ते शक्ती सिल्क मिल्सच्या जाहिरातीचं! पुढे त्याच्या जिंगल्सचा आकडा ७,०००च्या वर गेला म्हणतात. 'अंकुर'पासून श्याम बेनेगलांचे सिनेमे, 'जाने भी दो यारो', टीव्हीवर 'खानदान', 'तमस' (याला राष्ट्रीय पुरस्कार). लोक अष्टपैलू म्हणतात. मला तो शब्द जरा खटकतो. सिंफनीवर या शहरात कुणाची चूल पेटणार होती? पैलू पडले त्यातले निम्मे पोटासाठीच पडले असणार.

पण कामात कुठे हातचं राखलंय असं नाही. 'भूमिका'चंच बघा. नटी हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मचरित्रावरचा सिनेमा, म्हणजे जुन्या स्टुडिओंच्या काळातली गाणी त्या त्या काळची वाटायला हवीत. तिथे फिरोज दस्तूर आणि सरस्वती राणे यांचे गळे घेतले. दोघंही १९३०-४०च्या दशकांतल्या सिनेमांत स्वतः गायलेले! काळ नकलेने आणण्यापेक्षा त्या काळचा आवाजच बोलावून आणला. आणि 'मंथन'चं ते गुजराती वळणाचं गाणं, प्रीती सागरचं, अमूलच्या जाहिरातीतून घरोघरी गेलेलं, तेही याच माणसाचं. मला हे चाळिशीपर्यंत माहीत नव्हतं. आपण गायिका लक्षात ठेवतो, फार तर नट.

स्वतःचं म्हणून जे लिहायचं होतं, गिरीश कार्नाडांच्या नाटकावरचा 'अग्निवर्षा' ऑपेरा, त्याचा पहिला अंक २०१२ साली न्यूयॉर्कमध्ये झाला. तेव्हा वय पंच्याऐंशी. त्याच वर्षी पद्मश्री. २०१९मध्ये हातात पैसा उरला नसल्याच्या बातम्या आल्या, मे २०२१मध्ये गेले. कोविडची दुसरी लाट होती, पेपरात रोज इतकी नावं असायची की ही बातमी मी वाचली आणि पान उलटलं. आज त्याची लाज वाटली.

संध्याकाळी लेक क्लासहून आली. माझी खटपट बघून म्हणाली, "बाबा, तू वरचं वाजव, मी खालचं धरते." तिचा कॅसिओ, माझी फाटकी पेटी. पेटीचा सूर काळी दोन पट्टीच्या आसपास कुठेतरी, कॅसिओ अचूक. त्यामुळे आधी तिला तिचं यंत्र माझ्या बेसुराशी जुळवून घ्यावं लागलं. चार वेळा फसलं. पाचव्यांदा दुसऱ्या ओळीवर दोन्ही सूर असे काही जुळले की स्वयंपाकघरातून "अगं बाई, हे तर ते!" असा आवाज आला. तिसऱ्या ओळीला मी चुकलो.

उद्या भात्याला चामड्याचं ठिगळ लावून आणायचं.