रीळ ट्रंकेत, हक्क भलतीकडे

माहितीपटांसाठी जुनं फुटेज शोधायचं आणि त्याची रीतसर परवानगी मिळवायची, हे माझं काम. बेळगावात कुणाला सांगितलं की ठरलेला प्रश्न: "यूट्यूबवरनं उचललं की झालं, त्यात काय?"

गेल्या वर्षी निपाणीच्या १९८१च्या तंबाखू आंदोलनाचं काम आलं. तंबाखूला भाव वाढवून मिळावा म्हणून शेतकऱ्यांनी पुणे-बंगळूर हायवेवर ठाण मांडलं, रस्त्यावरच 'आंदोलननगर' उभं राहिलं, ६ एप्रिलला गोळीबार झाला. दिग्दर्शकाला त्या दिवसांची हलती चित्रं हवी होती, ४० सेकंद मिळाली तरी पुरे. एका संग्रहानं मधोमध शिक्का मारलेली नमुना-प्रत पाठवली. बघतो तर मोर्चा दुसऱ्याच गावचा.

शेवटी निपाणीतल्याच एका दिवंगत फोटोग्राफरचं घर सापडलं. त्यांच्या मुलानं माळ्यावरची ट्रंक काढली. डबा उघडला आणि व्हिनेगरचा भपकारा आला. हा वास आला की माझ्या पोटात गोळा येतो, कारण आतली फिल्म सडायला लागलेली असते. सुपर एटची, म्हणजे छोट्या हौशी कॅमेऱ्यातल्या फिल्मची, ५० फुटी तीन रिळं, एकेक जेमतेम सव्वातीन मिनिटांचं. खिडकीच्या उजेडात भिंग लावून पट्टी पुढं सरकवत गेलो. नखाएवढ्या चौकटीत बैलगाड्यांची रांग, रस्त्याकडेला तीन दगडांची चूल, भाकरी थापणारा एक हात.

"घेऊन जावा की, नुसती जागा खायलीत."

"रीळ तुमचंच, खरं हक्क कुणाचा काका? हे काढायला वडिलांना पैसे कुणी दिलेते?"

ते चमकले. खरी गोम इथंच असते. कुणी मोबदला देऊन फिल्म काढून घेतली असेल आणि वेगळा करार नसेल, तर कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे पहिला हक्क पैसे देणाऱ्याचा. जुनं झालं म्हणून सुटकाही नाही. चित्रपटाचा हक्क प्रसिद्धीनंतर ६० वर्षं चालतो आणि ही रिळं तर कुणाला दाखवलीच नव्हती, म्हणजे मुदत सुरूच व्हायची होती.

वडिलांची जमाखर्चाची वही निघाली. रोल आणि धुलाईचे पैसे एका तंबाखूच्या वखारीतून आलेले! ज्यांच्याकडून भाव वाढवून हवा होता, त्यांच्यातल्याच एकानं आंदोलन टिपून घेतलं होतं. का, ते वहीत नव्हतं.

मग वखारवाल्यांचे वारस. एक कोल्हापुरात, एक हुबळीत, एक अमेरिकेत. पैशांवरून कुणी अडलं नाही. नातीनं मात्र फोनवर विचारलं, "आमच्या आजोबांना व्हिलन करणार नाही ना?" मी शब्द दिला नाही. माहितीपटाच्या संहितेची संबंधित पानं पाठवली. पाच आठवडे उत्तर नाही, मग तिन्ही सह्या एकाच दिवशी आल्या.

करारात माध्यम, प्रदेश, मुदत सगळं लिहिलं. फक्त ह्याच माहितीपटासाठी, स्कॅनची एकेक प्रत दोन्ही घरांना. मसुदा वाचून काकांनी चष्मा काढला. "ह्यात आमच्या बाबांचं नाव कुठाय?"

वखारवाल्यांना फोन लावला आणि सातवं कलम वाढवलं: छायाचित्रणाचं श्रेय, पडद्यावर, स्वतंत्र ओळीत.